भिंत किती रंग पिते

पिंप्राळ्यातल्या नव्या घरात आम्ही राहायला गेलो तेव्हा भिंतींना नुसतं प्लास्टर होतं. रंगाचं पुढे बघू, असं ठरलं होतं आणि ते पुढे यायला तीन वर्षं लागली. तोवर भिंतीला पाठ टेकली की पातळाला करडी भुकटी लागायची. शाळेत मी फळ्याकडे वळले की मागच्या बाकावरच्या मुली खुसखुसायच्या. मला वाटायचं, खडू लागला असेल.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. जळगावातल्या एका शाळेत मी सातवी-आठवीला गणित शिकवत होते. नवऱ्याची नोकरी धुळ्याला. शनिवारी संध्याकाळच्या एसटीने तो यायचा आणि सोमवारी पहाटे परत जायचा. एरवी घरात मी आणि सासूबाई. त्यांना सगळे अक्का म्हणत, मीही म्हणायचे. त्या नरडाण्याकडच्या एका खेड्यातल्या, अहिराणी बोलणाऱ्या. मी सावद्याची, माझी बोली वेगळी. लग्नानंतर पहिलं वर्षभर आम्ही एकमेकींचं अर्धं बोलणं हसण्यावारीच नेलं.

त्या दिवाळीच्या सुट्टीत रंग काढायचं नक्की झालं. पुढची खोली आणि आतली खोली यांना डिस्टेंपर, स्वयंपाकघराला आणि छताला चुना. नवरा म्हणाला, "किती रंग लागेल ते तूच काढ. गणिताची बाई घरात असताना पेंटरला कशाला विचारायचं?"

हे ऐकून मला फार बरं वाटलं होतं, हे कबूल करते.

रविवारी मी टेप घेऊन दोन्ही खोल्या मोजल्या. टेपचं एक टोक धरून नवरा कोपऱ्यात उभा, मी दुसऱ्या कोपऱ्यात. चारी भिंतींची लांबी, गुणिले उंची. त्यातून दारं वजा, खिडक्या वजा, भिंतीतलं कपाटही वजा. दोन्ही खोल्या मिळून सव्वासातशे चौरस फूट भरले. दुकानातून आणलेल्या माहितीच्या कागदावर एका किलोत किती फूट होतात ते छापलं होतं. त्यानं भागलं, दोन हातांचं धरलं, तर उत्तर आलं साडेबारा किलो. मी तेरा लिहिलं आणि खाली दोन रेघा ओढल्या. उत्तर बरोबर आलं की वहीत ओढतात तशा.

दुसऱ्या दिवशी सकाळी पेंटर आले. पन्नाशीचे, किडकिडीत, डोक्याला जुना रुमाल बांधलेला. मूळचे धुळ्याचे. कॉलनीत त्यांना सगळे नाना म्हणायचे. त्यांनी टेप काढला नाही की काही लिहिलं नाही. चप्पल दाराशी काढली, दोन्ही खोल्यांतून एक चक्कर मारली आणि आतल्या खोलीच्या भिंतीवर तळहात फिरवून तो खिडकीच्या उजेडात धरला. मग बोट ओलं करून भिंतीला लावलं. ओला ठिपका बघता बघता नाहीसा झाला.

"अठरा किलो लागेल ताई," नाना म्हणाले. "दहाचे दोन डबे आणा. उरेल तो पुढे डागडुजीला कामी येईल."

मी वही पुढे केली. "नाना, मी मोजलंय. तेराच्या वर जायला नको."

त्यांनी वहीकडे पाहिलं, पण हातात घेतली नाही. "तुम्ही मोजलं असेल तर बरोबरच असेल. पण एक सांगतो. रंग एकदाच कालवायचा असतो. मधे संपला तर दुसऱ्या वेळी तोच रंग निघत नाही."

शेजारच्या वहिनींनी मला आधीच सावध केलं होतं, पेंटर नेहमी जास्त सांगतात, उरलेला घेऊन जातात. ते डोक्यात होतं. शिवाय दोन रेघा ओढून झाल्या होत्या. मी बाजारात गेले आणि तेरा किलोच घेऊन आले.

अक्का ओट्यावर गहू निवडत होत्या. मी रिक्षातून डबे उतरवत होते तेव्हा त्या म्हणाल्या, "भीतले हात लाव ना, पोरी. बठ्ठी कोरडी शे." म्हणजे सगळी कोरडी आहे.

आयुष्यभर त्यांनी मातीच्या भिंती लिंपल्या होत्या, दर सणाला पोतेरं केलं होतं. मला वाटलं, मातीच्या भिंतीचं इथे काय!

मला हवा होता केळीच्या कोवळ्या पानाचा रंग. केळीचं नवं पान गुंडाळी होऊन वर येतं आणि उलगडतं, तेव्हा पहिल्या दिवशी त्याचा जो पिवळसर हिरवा असतो, तो. सावद्याला आमच्या मळ्यात मी तो रोज बघत मोठी झाले. नानांना सांगितलं तर त्यांनी काही विचारलं नाही. पांढरा डिस्टेंपर पत्र्याच्या मोठ्या पिंपात ओतला, त्यात हिरव्या आणि पिवळ्या रंगाच्या बाटल्यांतून अंदाजाने थेंब सोडत काठीने ढवळत राहिले. थोडा कागदावर ओढून उन्हात धरला, पुन्हा थेंब टाकले. तिसऱ्या कागदाला मी म्हणाले, "हाच!"

"ओला रंग खोटं बोलतो ताई. वाळू द्या," ते म्हणाले. वाळल्यावर खरोखर तो अगदी माझ्या मनातला निघाला.

दोन दिवस घासणं, भेगांमध्ये लांबीचा लगदा भरणं आणि छताचा चुना यांत गेले. पॉलिश पेपरचा एक तुकडा मागून घेऊन अक्काही एका भिंतीला लागल्या. बुधवारी रंगाचा पहिला हात सुरू झाला. नाना लाकडी घोडीवर चढून ब्रश ओढायचे आणि ओढलेला पट्टा माझ्या डोळ्यांदेखत आत शोषला जायचा. जळगावचे तीन उन्हाळे खाल्लेलं ते प्लास्टर होतं. संध्याकाळी दोन्ही खोल्यांचा पहिला हात झाला तेव्हा मी पिंपात डोकावले. तळाशी चारेक किलो रंग उरला होता. दुसरा अख्खा हात बाकी होता.

नानांनी ब्रश धुता धुता माझा चेहरा पाहिला असावा. त्यांनी "मी सांगितलं होतं" असं म्हटलं असतं तर मी निदान चिडले असते.

गुरुवारी दुपारी त्यांनी पुढच्या खोलीचा दुसरा हात संपवला आणि ब्रश बाजूला ठेवला. पिंपातला उरलासुरला रंग खरवडून एका वाटीत काढला. "आतल्या खोलीला हात लावत नाही," ते म्हणाले. "रंग कधी भिंतीच्या मध्यात थांबवू नये. दारापाशी थांबलेला बरा."

"चूक माझी आहे, नाना," मी म्हणाले. दोन दिवसांनी नवरा येणार होता, पाच दिवसांवर दिवाळी होती, आणि त्याहून जास्त म्हणजे त्या वहीतल्या दोन रेघा होत्या.

"फूट तुमचे बरोबर आहेत हो," नाना म्हणाले. "कागदावरचा हिशेब गुळगुळीत भिंतीचा असतो. ही वाळू जास्त झालेली भिंत. पहिला हात भिंतीचा, दुसरा आपला. भिंत तिचं पिऊन घेते, मग आपल्याला दिसू देते."

मी जिन्याच्या पायरीवर बसले. अक्कांनी चहा आणून दिला, नानांनाही आणि मलाही. चहा पिता पिता माझं डोकं चालायला लागलं. मी विचारलं, "पुढच्या खोलीच्या दुसऱ्या हाताला किती लागला?"

"पावणेचार किलो धरा."

पुढची खोली किती फूट ते माझ्याकडे होतं. आतली किती तेही होतं. भिंत तीच, प्लास्टर तेच, हात मारणारा माणूसही तोच. आता भाग देणं म्हणजे चौथीतलं गणित होतं. साडेतीनच्या आत आलं. जुळवाजुळवीत थोडा वाया जाणार म्हणून मी पाच किलो आणायचं ठरवलं आणि या वेळी आधी नानांकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली. तेरा आणि पाच अठरा होतात, हे मला रिक्षात बसल्यावर लक्षात आलं आणि मी एकटीच हसले. रिक्षावाल्याने आरशातून पाहिलं.

खरी कसोटी पुढे होती. तोच रंग पुन्हा काढायचा. शुक्रवारी सकाळी अंगणात ऊन आल्यावर आम्ही बसलो. मी म्हणाले, "नाना, आधी पाव किलोतच करून बघू. थेंब मी मोजते."

ते अंदाजाने टाकायचे, मी वहीत लिहायचे. हिरवे इतके, पिवळे इतके. पहिला कागद वाळला तो फार पिवळा. दुसरा वाटीतल्या रंगाशेजारी ठेवला तर मला अगदी तोच वाटला. नाना म्हणाले, नाही, थोडा मळकट आहे. मला काही केल्या दिसेना. अक्का जवळ आल्या, त्यांनी दोन्ही कागद डोळ्यांपासून लांब धरले आणि म्हणाल्या, "हाई वाळेल पान शे." म्हणजे हे सुकलेलं पान.

चौथ्या कागदाला तिघांचं एकमत झालं. मग माझं काम सुरू झालं. पाव किलोला इतके थेंब, तर उरलेल्याला किती? सातवीतलं समप्रमाण मी इतक्या जिवावर उदार होऊन कधी सोडवलं नव्हतं. नानांनी माझ्या आकड्याप्रमाणे थेंब सोडले. शेवटच्या दोन थेंबांना मात्र हात आखडता घेतला आणि म्हणाले, "हे राहू द्या." मी राहू दिले.

शनिवारी दुपारी आतली खोली पुरी झाली. दाराच्या चौकटीत उभं राहून मी एकदा इकडे, एकदा तिकडे पाहिलं. आतल्या खोलीचा रंग किंचित जास्त हिरवट होता, असं मला आजही वाटतं. पण आतल्या खोलीत उजेडच कमी यायचा, त्यामुळे ते मला एकटीलाच दिसत होतं किंवा माहीत होतं म्हणून दिसत होतं.

संध्याकाळी नवरा आला. पिशवी हातात तशीच धरून दोन्ही खोल्या फिरला. "सुंदर!" म्हणाला. "पुरला ना बरोबर?"

"पुरना," अक्का माझ्याआधीच म्हणाल्या आणि स्वयंपाकघरात निघून गेल्या.

जेवताना मी सगळं सांगून टाकलं. तो इतका हसला की त्याला ठसका लागला. मग म्हणाला, "तरी म्हटलं, अक्का एवढं तोडून का बोलली!"

त्यानंतर कॉलनीत कोणाकडे रंग निघाला की मला बोलावणं यायचं. मी टेप घेऊन जायचे, पण आधी भिंतीवर हात फिरवायचे आणि एक किलो कालवून तो किती फूट जातो ते प्रत्यक्ष बघायला सांगायचे. नाना असले तर त्यांना विचारल्याशिवाय आकडा सांगायचे नाही.

दोन-तीन वर्षांनी एका रविवारी नाना स्वतःहून आले. बराच वेळ इकडचं तिकडचं बोलले. मग रुमाल सोडून पुन्हा बांधला आणि म्हणाले, "ताई, मोठ्या कामाला लोक चौरस फुटाचा लेखी आकडा मागतात. माझी शाळा तिसरीपर्यंत. मला शिकवाल का?"

चार रविवार ते आले. ओट्यावर बसून त्यांनी लांबी गुणिले रुंदी गिरवली, दारं-खिडक्या वजा करायला शिकले. पेन ब्रशासारखं धरायचे. पाढे त्यांना येत होते. कागदावर मांडायचं तेवढं नवीन होतं. माझ्या वर्गात इतकं लक्ष देऊन ऐकणारं कोणी नव्हतं. पावसाळ्याआधी त्यांना नरडाण्याला एका कारखान्याच्या वसाहतीचं काम मिळालं. चार माणसं हाताखाली घेऊन ते तिकडे गेले.

मग महिनाभराने पुन्हा दारात हजर. उन्हाने रापलेले, खुशीत.

"बठ्ठं जमलं ताई. एकच अडलंय. तिथे पाण्याची टाकी आहे, गोल. तिला लांबी कुठली आणि रुंदी कुठली?"

मी मोरीतलं पाण्याचं पिंप दाखवलं आणि अक्कांना सुतळी मागितली. अक्कांनी सुतळीचं एक टोक पिंपाला दाबून धरलं आणि नाना दुसरं टोक घेऊन पिंपाभोवती फिरले. दोन्ही टोकं जुळली तिथे मी खुणेला गाठ मारली. मग सुतळी सोडून जमिनीवर सरळ पसरली. नाना उकिडवे बसून तिच्याकडे बघत राहिले.

"ही लांबी," ते हळूच म्हणाले. मग पिंपाच्या उंचीवर हात ठेवला. "आणि ही रुंदी."

"झालं," मी म्हणाले. "आता गुणा."