प्रजाहितदक्ष महाराजांचं लाल कुलूप

सौदीत खफजीजवळच्या समुद्रात तेलाचे प्लॅटफॉर्म आहेत, त्यातल्या एकावर माझा नवरा सुरक्षा अधिकारी आहे. दोन आठवडे तिकडे, दोन आठवडे घरी. म्हणजे आमच्या घरात राजेशाही आहे, पण अर्धवेळ. राजा समुद्रात असला की आम्ही मायलेकी जेवताना टीव्ही बघतो, भांडी सिंकमध्ये तशीच ठेवतो आणि सुखाने राहतो. राजा परतला की सुधारणा सुरू होतात.

प्लॅटफॉर्मवर ठिणगी उडणारं कुठलंही काम करायचं तर आधी परवाना लागतो. अशा कामाला ‘हॉट वर्क’ म्हणतात. एका शुक्रवारी मी आमटीला फोडणी घातली आणि धुराचा अलार्म कोकलला. झालं! त्या दिवसापासून फोडणी आणि तळण ही कामं हॉट वर्कमध्ये गेली. मी तेल तापत ठेवून “हॉट वर्क!” असं ओरडायचं, हॉलमधून “अप्रूव्ड” असं उत्तर आलं की मोहरी टाकायची. एकदा महाराज नेमके अंघोळीला गेलेले. मी बिचारी कायदा पाळणारी प्रजा, मोहरी मुठीत धरून वाट बघत राहिले. तेल जळलं, धूर झाला, अलार्म पुन्हा कोकलला. त्यावर चौकशी बसली आणि ठपका माझ्यावर आला, कारण तेल तापवणं हेसुद्धा काम सुरू करण्यातच मोडतं म्हणे.

पण आमचा राजा जुलमी मुळीच नाही. फ्रिजवर त्यांनी श्रीखंडाच्या रिकाम्या डब्याला चीर पाडून सूचनापेटी ठेवली आहे. दर शुक्रवारी नाश्त्याला सभा असते. सगळ्यांनी मोकळेपणानं बोलायचं. आम्ही बोलतो. हे लक्षपूर्वक ऐकतात, मान हलवतात, “नोंद घेतली” म्हणतात आणि आदल्या दिवशी ठरवलेलंच करतात.

मी नाशिकला इतिहासात एम.ए. केलं. त्यामुळे हा नमुना मला ओळखीचा होता. अठराव्या शतकात युरोपात अशा राजांचं पीकच आलं होतं. तत्त्वज्ञांशी पत्रव्यवहार करायचा, बासरी वाजवायची, छळाच्या शिक्षा बंद करायच्या, आणि शेतकऱ्याला मात्र जमीनदाराच्या गोठ्यातच बांधून ठेवायचं. रशियाच्या राणीनं नवे कायदे करायला देशभरातून प्रतिनिधी बोलावले, तर त्यांचा सुरुवातीचा वेळ राणीला कोणती पदवी द्यावी या चर्चेतच गेला. व्हिएन्नाच्या सम्राटानं तर लाकूड वाचावं म्हणून तळ उघडणाऱ्या शवपेट्या आणल्या. मढं खाली सोडायचं आणि पेटी पुढच्या गिऱ्हाइकासाठी परत न्यायची! लोक इतके चिडले की हुकूम मागे घ्यावा लागला. प्रजेचं सगळं भलं करायचं, फक्त प्रजेला विचारायचं नाही, असा एकूण कारभार होता. या राजांवर मी परीक्षेत भरभरून लिहिलं होतं. पुढे त्यांच्यातल्याच एकाशी लग्न होईल हे कुठे ठाऊक होतं?

इथे सौदीतही वरून फर्मान आलं आणि बायकांना गाडी चालवायची मुभा मिळाली. तोवर ती का नव्हती हे कोणी सांगितलं नाही, आणि आधीपासून मागणाऱ्या बायकांचं नाव कोणी काढत नाही. पण मुभा मिळाली हे खरं. मी नाशिकला लग्नाआधीपासून गाडी चालवत होते. इथलं लायसन्सही रीतसर परीक्षा देऊन काढलं. देशाच्या राजाची हरकत नव्हती. प्रश्न घरच्या राजाचा होता. माझा इकामा, म्हणजे इथे राहण्याचा परवाना, यांच्याच आधारावर आहे. त्यामुळे नवरा माझा कफीलही, म्हणजे कायद्यानं माझा हमीदारही आहे.

“लायसन्स म्हणजे फक्त कागद,” हे म्हणाले. “तुझी सक्षमता मी टप्प्याटप्प्यानं तपासणार.” पहिला टप्पा कॉलनीच्या पार्किंगमध्ये झाला. दुसरा टप्पा येईपर्यंत यांची समुद्रात जायची वेळ आली. जाताना यांनी काय करावं? गाडीच्या किल्लीच्या पेटीला प्लॅटफॉर्मवरचं लाल कुलूप लावलं. यंत्र दुरुस्तीला काढलं की त्यावर लावतात तसलं. ज्यानं लावलं त्यानंच काढायचं, असा त्याचा नियम. कुलपाची चावी यांच्या खिशात गेली.

आणि त्याच आठवड्यात लेकीच्या शाळेत इतिहासाच्या शिक्षिकेची जागा निघाली.

मी टॅक्सीनं जाऊन नमुना पाठ घेतला. विषय योगायोगानं युरोपातले हेच राजे. शवपेटीच्या गोष्टीला वर्ग खदखदून हसला. लग्नानंतर इतक्या वर्षांनी कोणीतरी मी सांगतेय ते वहीत उतरवून घेत होतं. मला रडूच येणार होतं, पण आवरलं. मुख्याध्यापिका खूश झाल्या. म्हणाल्या, “मॅडम, आप संडे से आइए। लेकिन आएँगी कैसे?” मुलांच्या बसमध्ये जागा नव्हती आणि आमच्या कॉलनीत सकाळी टॅक्सीचा भरवसा नाही. आधीची शिक्षिका रोजच्या उशिरामुळेच गेली होती. स्वतःची गाडी असेल तरच जागा माझी, आणि ते दुसऱ्या दिवशीपर्यंत कळवायचं होतं.

घरी येऊन मी यांना फोन लावला.

“अगं, छानच की!” हे म्हणाले. “पण घाई नको. दुसरा टप्पा होऊ दे. त्यांना सांग, पुढच्या वर्षी नक्की.”

“अहो, जागा आत्ता आहे.”

“नोंद घेतली,” हे म्हणाले. मी फोन बंद केला.

राग असा आला की कान तापले. नोकरी काढून घेतली याचा तर आलाच, पण काढून घेताना “छानच की” म्हटलं याचा जास्त आला. लेक टेबलावर अभ्यास करत होती. मान वर न करता म्हणाली, “मम्मा, पापा का रूल तो पापा पे भी लागू होता है ना? जब लॉकवाला साइटपे नहीं होता, तब क्या करते हैं?”

मी हातातला फोन खाली ठेवला. नाश्त्याच्या सभेत आम्ही हे इतक्यांदा ऐकलं होतं की झोपेतही म्हणून दाखवलं असतं. कुलूपवाला जागेवर नसेल तर आधी तशी खात्री करायची. मग त्याच्याशी संपर्क साधायचा, त्याला कळवायचं, आणि तिथल्या प्रभारीनं जबाबदारी घेऊन कुलूप कापायचं. आणि प्रभारी कोण? ते फ्रिजवर यांच्याच अक्षरात लिहिलं होतं, ‘माझ्या गैरहजेरीत घराच्या प्रभारी’, पुढे माझं नाव. हे समुद्रात असताना गॅस सिलिंडर बदलायला कोणीतरी हवं, म्हणून ही पदवी मला दिली होती.

मी पुन्हा फोन लावला. “तुम्ही प्लॅटफॉर्मवरच आहात ना?”

“हो. का गं?”

“खात्री करत होते. घराची प्रभारी बोलतेय. तुमचं कुलूप कापतेय, हे रीतसर कळवलं.”

हे हळूच म्हणाले, “डोळ्यांना चष्मा लाव.”

बोल्ट कटर लगेच सापडला. यांनीच अवजारांच्या कपाटात प्रत्येक वस्तूची जागा लेबल लावून ठरवली आहे. त्या सुधारणेबद्दल मी आभारी आहे. मी संरक्षक चष्मा लावला आणि कटरच्या दांड्यांवर सगळा जोर लावला. कुलूप तुटलं तेव्हा लेकीनं टाळ्या वाजवल्या. मी मुख्याध्यापिकांना कळवलं, आणि रविवारी मी शाळेत होते, घंटेच्या आधी.

महाराज परतले त्या दिवशी शाळा सुटल्यावर मी तशीच धक्क्यावर त्यांना आणायला गेले. हे बॅग घेऊन आले, गाडीभोवती एक फेरी मारली, चारही टायर पाहिले. कुठे ओरखडा नव्हता. मग ड्रायव्हरच्या दाराशी येऊन उभे राहिले. मी पट्टा लावून बसले होते, तशीच बसून राहिले. शेवटी वळसा घालून शेजारच्या सीटवर येऊन बसले.

“तसा मी या खेपेला परवानगी देणारच होतो,” हे म्हणाले.

“नोंद घेतली,” मी म्हटलं आणि गाडी सुरू केली.