उलटं फिरवलेलं घर

माझ्या मित्राच्या बापाची निपाणीत तंबाखूची वखार होती आणि मित्राला मुंबईहून आणलेल्या सिनेमाच्या कॅमेऱ्याचं वेड. आम्ही दोघं तीन-तीन मिनिटांची चित्रं घ्यायचो. नट नाही, गोष्ट नाही. नुसत्या भिंती, जिने, छपरं आणि त्यांच्या सावलीतनं जाणारी माणसं. फिल्म कोल्हापुराहून धुऊन आणायची आणि भर दुपारी अंधाऱ्या वखारीत पडदा म्हणून ताणलेल्या धोतरावर दाखवायची. तंबाखूच्या खकाण्यानं दीडशे माणसं एकदम शिंकली की धोतरावरची म्युन्सिपाल्टी गदगदा हलायची. खोटं सांगत नाही, एकदा तिचा वरचा मजला बोरगावात सापडला!

रस्ता रुंद करायला एका म्हाताऱ्या गवंड्याचं दोन खोल्यांचं घर पाडलं. निम्मी निपाणी त्यानं बांधलेली, पण स्वतःचं एवढंच. पाडताना आम्ही चित्र घेतलं. मधे येतो म्हणून त्याच्यावर खेकसलोसुद्धा. मग दाखवताना मित्रानं यंत्राचा दांडा उलटा फिरवला.

धुळीतनं दगड उडाले, भिंतीत जाऊन बसले, वर छप्पर चढलं. वखार हसून पडायची बाकी राहिली. गवंडी पुढंच बसलेला, बायकोसकट. मित्रानं दांडा सुलटा फिरवला, घर पडलं. उलटा, उभं. शंभरदा तरी पाडलं असेल.

"अण्णा, माझ्या सासऱ्याचं बी बांधा की एवढ्या झटक्यात!" मागनं कोणीतरी ओरडलं.

गवंड्यानं उठून हात जोडले. "पोरांनू, उभं हाय तवर थांबवा की रं. पाडलं तवा ही सदलग्याला म्हायेरी गेलती. आली तर नुसता ढिगारा. हिला एकदा बघू द्या."

थांबवलं की दिव्याच्या धगीनं फिल्म जळते, आणि फिल्म ती एकच, हे आम्हा दोघांनाच ठाऊक. मित्रानं डोळा मारला. मी म्हणालो, "थांबव की, अण्णा म्हणतोय न्हवं!"

थांबवलं. म्हातारी तोंडाला पदर लावून पुढं सरकली. तेवढ्यात दारावर तपकिरी डाग उठला, फुगला, फुटला आणि भिंती खात वर चढला. म्हातारा धावला, दोन्ही तळव्यांनी धोतरावर थापा मारून विझवायला लागला. काय शिट्ट्या पडल्या! सगळ्यात मोठी माझी.

"दुसरी असंल की रं, बाबा?" म्हातारीनं विचारलं.

"लई हाईत, आक्का. उद्या या," मित्र म्हणाला.

दुसऱ्या दिवशी दोघं धुतलेली कापडं नेसून वखारीच्या दारात हजर. तिसऱ्या दिवशीही. पुढं म्हातारा अंथरुणाला खिळला, तेव्हा ती एकटी यायला लागली. तिलाही आम्ही "उद्या या" असंच सांगितलं.