सुमतीबाईंनी सांगितलेली पुस्तकं

सकाळी फोन वाजला तेव्हा मी डब्याला पोळ्या लाटत होते. पलीकडून मालूताई, म्हणजे कॉलेजात आम्हांला इंग्लिश शिकवणाऱ्या सुमतीबाईंची थोरली बहीण. आवाज अगदी नेहमीचा. "शालन, सुमती गेली गं. चहा झालाय म्हणून हाक मारली, तर उठलीच नाही." मी तव्याखालचा गॅस बंद केला आणि तिथेच पाटावर बसले. बाहेर अप्पा, माझे वडील, पेपर वाचत होते. त्यांना सांगितलं. त्यांनी पेपराची घडी घातली, टोपी काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाले, "लय ताकदीची बाई." सुभेदार म्हणून निवृत्त झालेला माणूस कुणाला ताकदीचं म्हणतो तेव्हा ते उगाच म्हणत नाही.

आज ह्या गोष्टीला काही आठवडे झाले. रडू येऊन गेलं, आता मला बाईंचा नुसता अभिमान वाटतो, आणि तो मी मोठ्यानं सांगणार आहे. कारण बाई नसत्या तर मी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षालाच घरी बसले असते. आमच्या भावकीत तोवर कुठली पोरगी त्याच्या पुढं गेली नव्हती. आज मी विद्यार्थ्यांना ब्रिटिश आणि आयरिश कादंबरी शिकवते, समीक्षा शिकवते, आणि वर्गात पाऊल टाकताना मला अजून वाटतं की मागच्या बाकावर बाई बसल्यात आणि म्हणतायत, "गाईड काढू नकोस हं पिशवीतून!"

बाई सांगलीहून रोज एस.टी.नं आमच्या पलूस तालुक्यातल्या कॉलेजला यायच्या. माहेर वाईचं, बोलणं स्वच्छ, जीभ मात्र मिरचीची. पहिल्याच तासाला त्यांनी आमच्या सगळ्यांच्या पिशव्यांतली गाईडं टेबलावर ठेवायला लावली. "लग्नाला गेला नाहीत आणि पंगतीचं वर्णन करताय होय?" असं म्हणाल्या. आम्ही हसलो. त्या हसल्या नाहीत. आम्ही काय वाचावं हेही त्यांनी कधी फळ्यावर लिहिलं नाही. वैद्य नाडी बघितल्याशिवाय पुडी देत नाही, तशा त्या माणूस बघितल्याशिवाय पुस्तक सांगायच्या नाहीत. म्हणून ह्या लेखात मीही पुस्तकांची नावं देत नाही. कुणी चिडलं तर चिडो. ज्याला वाचायचंय त्यानं विचारायला यावं, ही बाईंची पद्धत.

तर आपण लायब्ररीत गेलो की त्या पहिल्यांदा विचारायच्या, "घरी ऐकणारं कोण आहे?" कारण त्यांचा एक दंडक होता. कादंबरी वाचायची, मग घरी जाऊन इंग्लिश न येणाऱ्या माणसाला ती सगळी आपल्या भाषेत सांगायची, आणि त्या माणसाचं मत वर्गात आणायचं. ते मत आणल्याशिवाय टीकेचं एकही पुस्तक हाताला लागायचं नाही. कपाटाची किल्लीच त्यांच्या पर्समध्ये! घरी आजी असेल तर बाई गावातली स्थळं, मानपान, कोण कुणाकडं चहाला गेलं अशी जुनी इंग्लिश कादंबरी द्यायच्या. भाऊ फौजेतून सुटीवर आला असेल तर लढाईवरची. नवख्यांना मात्र आयर्लंडच. "ओळखीचं शिवार आहे," म्हणायच्या. "जमिनीचे वाटे, देवळातला बडा माणूस, परदेशी गेलेली पोरं आणि दाराशी वाट बघणारी आई. हवा तेवढी गार समजा." माणसाच्या नुसत्या मनात काय चाललंय ते सांगणाऱ्या कादंबऱ्या सगळ्यात शेवटी, कारण त्यात काही घडत नाही आणि घरी सांगताना घाम फुटतो. एकीनं तशी एक सांगायला घेतली तर तिची चुलती घोरायला लागली. बाईंनी तेही मत म्हणून नोंदवून घेतलं. जतच्या एका मुलानं आईला सांगितलं की आयर्लंडात चुलीत माती जाळतात. तिनं त्याला खुळ्यात काढलं... माती जळत असती तर आपल्या माळावर सरपणाचा तोटा कशाला पडला असता? तिचंही खरंच होतं. ती दलदलीतली वाळवलेली माती असते, हे समजवायला बाईंचा अख्खा तास गेला, आणि त्या दिवशी त्यांच्याइतकं खूश कुणी नव्हतं.

मला त्यांनी जी पहिली आयरिश कादंबरी दिली ती दोन भावांची होती. बापाच्या माघारी रान वाटून घेतलेले दोघे. विहिरीकडं जाणारी वाट थोरल्याच्या रानातून. कशावरून तरी बिनसतं आणि थोरला त्या वाटेवर दगडांची भिंत घालतो. धाकट्याची बायको रोज लांबच्या वाटेनं पाणी आणते, म्हातारी आई महिनाभर इकडं, महिनाभर तिकडं. मी दंडकाप्रमाणं संध्याकाळी चुलीपुढं आईला आणि आजीला ती सांगायला बसले. सांगण्याच्या नादात माझ्या लक्षातच आलं नाही की आई भाकरी थापायची थांबलीय आणि आजीनं पदर तोंडाला लावलाय. बाहेर ओट्यावर अप्पा ऐकत होते. आणि आमच्या घरची तऱ्हा अशी की अप्पांनी त्याच वर्षी माझ्या चुलत्यांची, म्हणजे तात्यांची, विहिरीची वाट काटेरी कुंपण घालून बंद केली होती. आजी पाळीपाळीनं दोन्हीकडं जेवत होती. मी भिंतीपर्यंत आले आणि बाहेर तांब्या आपटल्याचा आवाज आला.

दुसऱ्या दिवशी बाईंचा तास रंगात आलेला, आणि दारात अप्पा! पायात बूट, डोक्याला फेटा. वर्गात साठ डोळे माझ्याकडं वळले.

"शाले, ऊठ. घरला चल. झालं तेवढं शिक्षान बास."

बाई म्हणाल्या, "नमस्कार सुभेदारसाहेब. आधी बसा तरी."

"बसाय आलो न्हाई. आमच्या बांधाची गोष्ट तुमाला कुनी सांगितली? हिनंच न्हवं? आन् तुमी ती पोरास्नी शिकवताय व्हय?"

मला वाटलं, संपलं. वह्या बांधायच्या, आणि पुढच्या महिन्यात पाहुणे बघायला येणार. बाईंना मात्र क्षणभर काही उमगेना, मग उमगलं. दुसरं कुणी असतं तर हसलं असतं. बाई हसल्या नाहीत. त्यांनी माझ्यापुढचं पुस्तक उचललं, पहिलं पान उघडून अप्पांच्या हातात दिलं. इंग्लिश आकडे तेवढे अप्पांना वाचता येत होते. "हे छापलं तेव्हा तुमचा जन्मसुद्धा झाला नव्हता," बाई म्हणाल्या. "लिहिणारा आयर्लंडचा. तो कधी मुंबईलाही आला नसेल, पलूस तर सोडाच."

अप्पांनी पुस्तक उलटंसुलटं करून पाहिलं. शेवटी जरा खालच्या आवाजात विचारलं, "मग त्येला कसं कळलं?"

"तेच आम्ही इथं शिकतो," बाई म्हणाल्या. "त्याला कसं कळलं, ते."

अप्पा मोकळ्या बाकाच्या कडेला टेकले. फेटा सारखा केला. मग खिडकीबाहेर बघत, आपल्याला काही पडलेलं नाही अशा थाटात, विचारलं, "शेवटाला काय हुतं? थोरला भित पाडतो का न्हाई?"

बाईंनी पुस्तक त्यांच्या हातातून घेतलं आणि मिटलं. "ते मी सांगणार नाही. शालनचं अजून अर्धं राहिलंय. ती वाचेल आणि घरी सांगेल. तिला घरी बसवणार असाल तर हे मला आत्ता लायब्ररीत जमा करून घ्यावं लागेल."

अहो, काय हिंमत त्या बाईची! सहा फुटी फौजी माणूस समोर, आणि ह्या पाच फूट, हातात खडू. अप्पा उठले. त्यांनी एकदा बाईंकडं पाहिलं, एकदा माझ्याकडं. "पाचच्या गाडीनं ये," एवढं मला बोलले आणि निघून गेले. दार लागल्यावर वर्गात जो आरडाओरडा झाला तो प्राचार्यांच्या खोलीपर्यंत गेला. बाईंनी टेबलावर डस्टर आपटलं. "पुरे! पान कुठलं?"

दोन दिवस अप्पा पुस्तकाबद्दल एक शब्द बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी जेवताना म्हणाले, "सपलं का ते?" त्या संध्याकाळी मी शेवट सांगितला. थोरला भिंत पाडतो, स्वतःच्या हातानं, पण धाकटा तोवर बायकोपोरं घेऊन बोटीनं कायमचा निघून गेलेला असतो. अप्पा भडकले. "येडं बेनं! येळेवर पाडली असती तर?" हे मत मी वर्गात नेलं आणि कपाट उघडलं. बाईंनी माझ्या हातात टीकेचं पहिलं पुस्तक दिलं आणि एवढंच सांगितलं, की टीकाकार म्हणजे पंच, पंचांचं जरूर ऐकावं, पण आधी रान स्वतः तुडवून यावं. पुढं मोठमोठ्या समीक्षकांची पुस्तकं वाचली, त्यांच्याशी लेखातून भांडलेही. पण रान न बघता न्यायनिवाडा करणारे त्यांच्यातही निघतात, आणि ते मला पहिल्या चार ओळींत ओळखू येतात. ही बाईंचीच कमाई.

आमच्या कुंपणाचं पुढं काय झालं, ते मी लिहिणार नाही. अप्पा पेपर वाचतात. पण माझ्या एम.ए.च्या निकालाचे पेढे तात्यांच्या घरी गेले ते जवळच्या वाटेनं गेले, एवढं लिहायला हरकत नाही. नोकरीच्या मुलाखतीत एका जाड चष्म्याच्या गृहस्थांनी विचारलं, "कादंबरीचा अर्थ लावताना तुम्ही प्रथम कुणाचा आधार घेता?" मी म्हटलं, "वडिलांचा." ते हसले. मग मी त्यांना सगळं सांगितलं, बांध, भिंत, फेटा आणि डस्टरसकट. नेमणुकीचं पत्र घेऊन थेट सांगली गाठली, तर बाई म्हणाल्या, "तुझ्या वडिलांनी मुलाखत दिली असती तर त्यांना हेड केलं असतं." आणि आत जाऊन डोळे पुसून आल्या. मला दिसलं नाही असं त्यांना वाटलं.

बाई गेल्यानंतरच्या रविवारी मी अप्पांना स्कूटीवर मागं बसवून सांगलीला भेटायला गेले. पुढच्या खोलीत मालूताई एकट्याच होत्या. भिंतीभर पुस्तकं, खिडकीशी बाईंची वेताची खुर्ची, तिच्यासमोर दुसरी एक खुर्ची अगदी जवळ ओढलेली. मग मालूताईंनीच खुर्चीवरचं पुस्तक उचलून माझ्यापुढं धरलं. इंग्लिशचं अक्षर त्यांना येत नाही. "रोज रात्री जेवणं झाली की ती सांगायची आणि मी ऐकायची," त्या म्हणाल्या. "शिकवायला लागली तेव्हापासून. एक दिवस चुकला नाही." घरी ऐकणारं कोण, हे बाईंनी आम्हां सगळ्यांना विचारलं, आणि आम्हांपैकी एकालाही त्यांना उलट विचारायचं सुचलं नव्हतं.

"ही अर्धीच राहिली," मालूताई म्हणाल्या. पुस्तक नवीन, आयरिश, मी न वाचलेलं. मग त्यांनीच मला अर्धी कादंबरी सांगितली. काय सांगितली! कादंबरीतल्या म्हातारीनं गाय विकली, घराला कुलूप लावलं, शेजारणीशी भांडण मिटवायला गेली आणि नवं भांडण करून आली, आणि आता मुलाकडं इंग्लंडला जायला बंदरावर येऊन उभी आहे, जहाजावर चढायच्या फळीवर एक पाय ठेवून. शेजारणीची नक्कल करताना मालूताई स्वतःच हसल्या. बहीण गेल्यापासून पहिल्यांदाच हसल्या असणार. अप्पा गुडघ्यांवर हात ठेवून पुढं वाकलेले. "जाऊ नगं म्हनावं तिला," ते म्हणाले. मालूताई म्हणाल्या, "का जाऊ नये? लेक बोलावतोय." दोघांची जुंपली.

बाहेर ऊन उतरलं होतं. मालूताईंना विश्रांती हवी, शोकाचं घर, किती वेळ बसायचं... मी पुस्तक पिशवीत टाकलं, म्हटलं, घरी नेऊन वाचते आणि पुढच्या रविवारी येऊन सांगते. चला अप्पा.

अप्पा जागचे हलले नाहीत.

"बस खाली, शाले," ते म्हणाले. "म्हातारीचा एक पाय फळीवर हाय, आन् तू उठतीस?"

मालूताईंनी उठून दिवा लावला आणि खिडकीजवळची बाईंची वेताची खुर्ची माझ्याकडं सरकवली.