बाबांच्या कॅसेटवरची पाच मिनिटं

बाबा गेले त्या वर्षी आई तीन महिने आमच्याकडे डब्लिनजवळ ल्यूकनला राहायला आली. तिच्या बॅगेत मेतकूट, भाजणी आणि रुमालात गुंडाळलेली एक कॅसेट होती. "हिच्यावर त्यांचा आवाज आहे," ती म्हणाली. "इथे ऐकता येईल का?" मी हो म्हटलं आणि कॅसेट कपाटात ठेवली. पंधरा दिवस तिला हात लावला नाही.

ती कॅसेट मी ओळखत होते. बाबा माहितीपट शिकवत. तरुणपणी स्वीडनला गेले असताना त्यांनी तिथल्या एका वृद्ध माहितीपटकाराची मुलाखत रेकॉर्ड केली होती. मूकपटांच्या काळात सुरुवात करून पन्नाशीनंतर टीव्हीत गेलेला माणूस. त्याच्यावर मराठीत पुस्तक लिहायचं बाबांच्या मनात होतं. वर काही रेकॉर्ड होऊ नये म्हणून त्यांनी कॅसेटच्या कडेच्या प्लास्टिकच्या टिकल्या मोडल्या होत्या. सातवीत असताना मी त्यातल्या एका भोकावर चिकटपट्टी लावली आणि वक्तृत्व स्पर्धेचं भाषण रेकॉर्ड केलं; मुलाखतीची सुरुवात पुसली गेली. बाबांना ते सांगितलं नाही. पुढे पुस्तक झालंच नाही. ते माझ्यामुळेच, असं मी इतकी वर्षं धरून होते.

शेवटी शेजारच्या आयरिश आजोबांकडून जुना टेप मागून आणला. "चालला तर ग्रँड," ते म्हणाले, "नाही तर टाकून दे."

आधी माझं चिरकं भाषण. आई हसली. "किती घाई करायचीस गं." मग एका वाक्याच्या मधूनच त्या म्हाताऱ्याचं सावकाश इंग्रजी सुरू झालं. सिनेमाला लोक चांगले कपडे घालून येत, तो सांगत होता. टीव्हीत आपणच त्यांच्या स्वयंपाकघरात जातो, म्हणून मी हळू बोलायला शिकलो. मधूनमधून बाबांचे प्रश्न, जरा अडखळत.

मी टेप थांबवला आणि आईला सगळं सांगितलं.

"त्यांना त्याच दिवशी कळलं होतं," आई म्हणाली. "आणि पुस्तक आळसामुळे राहिलं. उगाच श्रेय घेऊ नकोस. दुसरी बाजू लाव."

दुसऱ्या बाजूला मुलाखत संपल्यावर बाबा मराठीत बोलत होते. "सुरुवातीची पाच मिनिटं आता यावर नाहीत. तिथे मुलीचं भाषण आहे, ते पुसायचं नाही. ते काय म्हणाले होते, आठवतं तसं सांगतो." मग नदीतून ओंडके सोडणारे मजूर, हाताने फिरवायचा कॅमेरा, गारठलेली बोटं, आणि पडद्यावर स्वतःला पाहून गप्प झालेले तेच मजूर. मागे कुकरची शिट्टी झाली. "तीन झाल्या," बाबा म्हणाले. "गॅस बंद करून येतो." पुढे नुसती खरखर.

"आलेच नाहीत परत," आई म्हणाली. "बघ, हाच तो आळस."

कॅसेट बाहेर काढली तेव्हा दिसलं, दोन्ही भोकांवर पिवळी पडलेली चिकटपट्टी होती. एक माझी, वाकडी. दुसरी त्यांची, कात्रीने नीट कापलेली. मी दोन्ही नखाने सोलून काढल्या. आता तिच्यावर कुणालाच काही रेकॉर्ड करता येणार नव्हतं.