मधला बॉल कुणाचा

टेनिसवर मी चौदा वर्षं पोट भरलं आणि त्यातली शेवटची नऊ वर्षं फक्त दुहेरी खेळले. तुमसरमध्ये हे सांगितलं की लोकांना वाटतं, ही काहीतरी लपवते आहे. आमच्या शेजारणीनं मला एकदा भर बाजारात विचारलं, "एकटीनं काहून नाई खेळत? भेव वाटते का?" मी म्हटलं, "एकटीनं खेळले की हरते." तिला ते लगेच पटलं. इतकं लगेच पटायला नको होतं, पण खरं तेच होतं.

याला कारण आमची राइस मिल. आमच्याकडे उसना तांदूळ होतो. म्हणजे धान आधी वाफवायचं, मग सिमेंटच्या मोठ्या पटांगणात पसरून वाळवायचं आणि मग भरडायचं. काकांना टेनिसचं वेड होतं. जवळच्या मँगनीजच्या खाणीच्या ऑफिसर क्लबात ते तांदूळ पोचवायचे आणि येताना तिथल्या टाकून दिलेल्या रॅकेटी घेऊन यायचे. पटांगणात त्यांनी चुन्याच्या रेघा मारल्या आणि कारध्याच्या एका मासेमाराकडून जुनं जाळं आणून मधोमध बांधलं. एका बाजूला काका आणि ट्रकचा ड्रायव्हर, दुसऱ्या बाजूला दादा आणि मी. दादा मोठा, म्हणून डावीकडची स्वच्छ जागा त्याची. उजवीकडे माझ्या मागे धान वाळत पडलेलं. धानात पडलेला बॉल उसळत नाही, जागच्या जागी मरतो, आणि तो आणायला गेलं की धान फिरवणाऱ्या बाया ओरडतात. त्यामुळे बॉल मागे जाऊ द्यायचाच नाही, जाळ्याजवळ उभं राहून हवेतच मारायचा, एवढंच मी शिकले. पुढे नागपूरला कोच मिळाले, त्यांनी खूप प्रयत्न केले, पण मागे राहून खेळणं मला कधी जमलं नाही. जाळ्याजवळ मात्र माझ्यासारखी दुसरी नव्हती, असं मी आजही म्हणेन.

दुहेरीत एक अडचण असते. एकेरीवाली उठते, बॅग भरते आणि जाते. दुहेरीवालीला आधी कुणीतरी हो म्हणावं लागतं. स्पर्धेत घेताना दोघींचे क्रमांक एकत्र धरतात, त्यामुळे चांगल्या क्रमांकाची जोडीदारीण मिळाली तर दार उघडतं, नाहीतर बाहेर बसायचं.

मी चौतीस वर्षांची होते तेव्हाची ही गोष्ट. माझी जोडीदारीण मध्य आशियातली होती. सात वर्षांनी लहान, चांगलीच उंच आणि इतकी कमी बोलणारी की दोन सीझन एकत्र खेळूनही तिला भाऊ आहे की बहीण हे मला ठाऊक नव्हतं. डिसेंबरमध्ये पुण्यातली स्पर्धा संपली. ड्रेसिंग रूममध्ये एक बूट हातात धरून ती म्हणाली, "मला दुसरीनं विचारलंय." ती दुसरी माझ्यापेक्षा बऱ्याच वरच्या क्रमांकाची होती.

"मग?"

"रविवारपर्यंत सांगायचंय."

"काय सांगणार आहेस?"

"माहीत नाही."

ती गेली असती तर त्या वयात आणि माझ्या दुखऱ्या गुडघ्यासकट मला कुणी घेतलं नसतं. माझा खेळ तिथेच संपला असता. मी म्हटलं, "तुझं विमान सोमवारचं आहे, ते नागपूरहून करून घेऊ. तोवर माझ्या घरी चल. सराव करू. तिथूनच उत्तर दे." तिनं दुसरा बूट काढला आणि बरं म्हणाली.

मी आईला फोनवर सगळं सांगितलं. आईनं काकूला सांगितलं. होकार मिळवायची एकच पद्धत आमच्या घरात ठाऊक होती, ती म्हणजे मुलगी दाखवण्याची.

तुमसर रोड स्टेशनवर आई, काका, काकू आणि दादा असे चौघंही हजर. काकूच्या हातात कुंकवाचा करंडा. जोडीदारणीच्या कपाळापर्यंत काकूचा हात पोचेना, म्हणून ती बिचारी वाकली. काकूला वाटलं पाया पडते आहे, तिनं भरभरून आशीर्वाद दिला. मग माझ्या कानाशी येऊन विचारलं, "आपून मुलीवाले का मुलावाले?"

"म्हणजे?"

"होकार कोनं द्यायचा हाये?"

"तिनं."

"मंग आपून मुलीवाले. वाकून राहा लागते."

आणि दोन दिवस आमचं घर खरोखर वाकून राहिलं. तिची बॅग दादानं उचलली. तिच्यासाठी गरम पाणी काका स्वतः घेऊन गेले, जे त्यांनी आयुष्यात स्वतःसाठीही कधी नेलं नव्हतं. पोह्यांवर मी तर्री घालायला गेले तर काकूनं माझा हात धरला. "तर्री नोको देऊ. जाळ लागला तं नाई म्हणन थे." जोडीदारणीनं दादाच्या बशीकडे बोट दाखवलं, तर्री मागून घेतली आणि दोनदा खाल्ली. काकूनं आईला डोळ्यांनीच सांगितलं, जमून राहिलं.

शनिवारी सकाळी समोरच्या खोलीत रीतसर कार्यक्रम झाला. तिला खुर्ची दिली, आम्ही सगळे सतरंजीवर. घरात इंग्रजी बोलणारी मी एकटीच, त्यामुळे माझं कौतुक मलाच भाषांतर करून सांगावं लागत होतं.

काका म्हणाले, "पोरगी बहुत शांत हाये. कोनाच्या मधात येत नाई."

मी तिला सांगितलं, "काका म्हणतात मी शांत आहे, कुणाच्या मध्ये येत नाही."

तिनं चहाचा कप खाली ठेवला. "तू बरोबर सांगते आहेस ना?"

"अक्षर न् अक्षर."

आई म्हणाली, "राग तं तिले येतच नाई." हे सांगताना माझाच आवाज चढला. मग काकू म्हणाली, "अठ्ठावीस वर्षाची हाये." जगातल्या सगळ्या खेळाडूंची यादी वयासकट फोनवर दिसते, असं मी काकूला सांगायला गेले तर ती म्हणाली, "तुले कोनं बोलाले सांगतलं? पोरगी मधात बोलत नसते." मी अठ्ठावीस असं भाषांतर केलं. जोडीदारीण खोकल्यासारखं काहीतरी करायला लागली. ते हसू होतं. दोन सीझनमध्ये मी ते ऐकलंच नव्हतं.

हसून झाल्यावर तिनं पदर असता तर त्यानं डोळे पुसले असते, तसे बाहीनं पुसले आणि म्हणाली, "आता त्यांना विचार, हिच्यात खोट काय आहे?"

मी विचारलं. मुलीवाले या प्रश्नाला कधीच उत्तर देत नाहीत. आईनं पोह्यांचं पातेलं उगाच हलवलं. आणि दाराला टेकून उभा असलेला दादा म्हणाला, "थे दुसऱ्याचा बॉल घेते."

काकूनं त्याच्याकडे असं बघितलं की दुसरा कुणी असता तर मिलमध्ये निघून गेला असता. मला भाषांतर करावंच लागलं. जोडीदारीण खुर्चीतून अर्धी उठली आणि म्हणाली, "अखेर कुणीतरी बोललं."

दुहेरीत मधल्या बॉलचा प्रश्न रोजचा असतो. दोघींच्या मधून जाणारा बॉल कुणी घ्यायचा? साधारण रीत अशी की डावीकडच्या खेळाडूनं, कारण तिचा ताकदीचा हात मध्ये येतो. आमच्यात डावीकडे ती होती. पण मी पुढे उभी, माझी नजर आधी पडायची आणि मी आडवी झेप घेऊन तो मारून मोकळी व्हायचे. दहातले सात लागायचे. माझ्या मते प्रश्न मिटलेला होता.

"विचार त्याला, लहानपणीही घ्यायची का?" ती म्हणाली.

"लहानपनी?" दादा सतरंजीवर बसलाच. "बारा वर्ष मी डावीकडं उभा होतो. लोकायले वाटे मी झाडाले पानी टाकाले उभा हावो."

हेही मीच भाषांतर केलं. मग ती बोलायची, मी सांगायचे, दादा मान हलवून स्वतःचं जोडायचा, ते मी तिला सांगायचे. माझी जोडीदारीण आणि माझा भाऊ, दोघं पीडित, अर्धा तास माझ्या तोंडून माझीच गाऱ्हाणी करत होते आणि इतक्या आनंदात होते की मध्ये थांबायला मला लाज वाटली.

शेवटी ती मला सरळ म्हणाली, "उद्या इथं मॅच खेळू. मधल्या बॉलला मी 'माझा' म्हणाले की तू सोडायचा. एकदा जरी घेतलास तर मी त्या दुसरीला हो म्हणते."

काकूला हे सांगितलं. काकू तिच्या खुर्चीजवळ गेली आणि तिला शिकवलं, "असा म्हन. माहा." तिनं दोनदा म्हणून पाहिलं. आमच्याकडच्या कुठल्याही बाईनं नळावर म्हणावं तसं तिला साधलं.

रविवारी दुपारी पटांगणाच्या उजव्या अंगाला नेहमीसारखं धान वाळत होतं. आमच्याविरुद्ध दादा आणि काका. दादा चाळिशीचा, पोट पुढे. काका सत्तरीचे, धोतर खोचून. अकरा गुणांचा खेळ. दोन व्यावसायिक खेळाडू आणि दोन मिलवाले, दहा मिनिटांचं काम, असं मला वाटलं होतं. पण काकांचा जुना नियम होता की धानात पडलेला बॉल आत धरायचा. दोघं माझ्या डोक्यावरून उंच उडवायचे, बॉल मागे धानात जाऊन मरायचा आणि त्यांना गुण. माझी जोडीदारीण धावत गेली तर धानात पाय घसरून चक्क बसली. धान पायानं फिरवणाऱ्या बायांपैकी एक तिला म्हणाली, "बाई, पायानं फिरवाचं हाये, बसून नाई." तिला काही कळलं नाही, पण ती त्या बायांबरोबर हसत सुटली आणि पुढची सर्व्हिस तिला करताच येईना. चार-आठ असे आम्ही मागे.

मग ती सावरली. आणि दादानं उंच मारणं सोडून सगळे बॉल मध्येच मारायला सुरुवात केली. बारा वर्षांचं उट्टं काढत होता तो.

"माहा," ती ओरडली. मी थांबले. ती मारून मोकळी.

"माहा." मी थांबले. माझा उजवा पाय आपोआप निघायचा, त्याला जमिनीवर धरून ठेवायचं म्हणजे चालत्या बैलगाडीला हातानं अडवण्यासारखं होतं.

मी म्हटलं, "दादा, तू कोणाकडून आहेस?"

"मी न्यायाकडून हावो."

बाजूला खुर्ची टाकून बसलेली काकू कडाडली, "बाप्पा, बहिनीचं लगन मोडून राहिला का तू?"

दहा-दहा झाले. काकांनी खालून सर्व्हिस केली, मी परतवली, दादानं मध्ये टाकला. उंच, हळू, अगदी माझ्या रॅकेटसमोर. पाच वर्षांच्या पोरीनंही मारला असता.

"माहा," मागून आवाज आला.

मी रॅकेट खाली केली. ती पुढे आली, पूर्ण ताकदीनं मारला आणि बॉल मासेमाराच्या जाळ्यात जाऊन अडकला. मिलवाल्यांनी आम्हाला हरवलं. काका धोतर सावरत नाचायला लागले, बायांनी टाळ्या वाजवल्या.

जोडीदारीण माझ्याकडे बघत उभी राहिली. "काही बोलायचंय?"

"नाही."

"खरंच?"

"पाय थोडे आधी हलव. एवढंच."

तिनं आधी माझ्याकडे आणि मग दादाकडे पाहिलं, दादानं हात जोडले. ती खिशातून फोन काढत पटांगणाच्या दुसऱ्या टोकाला गेली.

तिची भाषा मला येत नव्हती, फक्त हो आणि नाही कळायचं. आम्ही सगळे तिच्याकडे पाठ करून उभे राहिलो आणि कान मात्र तिकडेच.

"दा," ती म्हणाली. मग थोडं ऐकून पुन्हा, "दा. दा."

"दा म्हनजे?" काकूनं विचारलं.

"हो."

"म्हनजे तिले हो म्हनून राहिली?"

आईनं माझ्या दंडाला धरलं, जे ती सहसा करत नाही. दादा धानाकडे बघत होता. पुन्हा दोनदा दा झालं. मग ती फोन ठेवून आली आणि रॅकेटवर चिकटलेले धानाचे दाणे एकेक करून काढायला लागली.

"एक सीझन," ती म्हणाली.

"कुणाबरोबर?"

"तुझ्याबरोबर. ती विचारत होती, मला वेड लागलंय का. मी म्हटलं, हो."

मी काकूला सांगितलं. वेडाचा भाग गाळला. काकू म्हणाली, "एकच? लगन काय भाड्यानं असते का? तिले म्हना दोन." मी ते सांगितलं. जोडीदारीण म्हणाली, "आधी हिचा गुडघा बघू." काकू म्हणाली, "गुडघ्याले मी तेल लावून देतो." अशी दीड सीझनपर्यंत घासाघीस झाली, आणि काकांनी मध्ये पडून दोन केले.

काकू साखर आणायला आत पळाली. मी दादाच्या ऑफिसात पळाले, कारण जानेवारीच्या स्पर्धांची नावनोंदणी त्याच संध्याकाळी बंद होत होती आणि नेट फक्त तिथंच नीट चालायचं. काकू मागोमाग आली. "काकू, थांब जरा," मी म्हटलं. ती थांबली नाही. साखर तोंडात धरून मी दोन स्पर्धांना दोघींची नावं भरली. तिसरीवर मागून वाकून बघणाऱ्या जोडीदारणीनं नकारार्थी मान हलवली, तिथं थंडी फार असते म्हणाली. स्पर्धा चांगली होती आणि आमचा प्रवेश नक्की झाला असता. मी ती सोडून दिली.