संध्याचं पान

संक्रांत होऊन आठवडा झाला तरी थंडी हटत नव्हती. ओझरकडचे द्राक्षवाले पहाटेच बागांत शेकोट्या पेटवत होते, आणि द्वारकेच्या चौकात ट्रकवाले कानाला मफलर गुंडाळूनच चहा पीत होते. मागच्या गल्लीत, फकिराशेठच्या बाइंडिंगखान्यात, झुंबर शेगडीवर खळ शिजवत होती. मैदा पाण्यात कालवायचा, कसर लागू नये म्हणून चिमूटभर मोरचूद टाकायचं आणि गाठ न होऊ देता ढवळत राहायचं. २००३ सालचा जानेवारी होता. चौदा वर्षं तिची सकाळ अशीच उजाडत होती.

झुंबर ही मखमलाबादच्या केरू माळ्याची लेक. झेंडू-शेवंती तोडत तोडत सातवी शिकली. विंचूरला दिली, तर नवऱ्यानं ताटातल्या तांदळात अंगठीनं 'कमल' लिहिलं, आणि सहा वर्षं ती कमल होती. कमलला बसलेला मार पाठीवर घेऊन माहेरी परतली ती झुंबर. भावांनी मळ्याच्या कडेला खोली दिली, पण बोलणं टाकलं. मग तिनं काम धरलं. फकिराशेठनं छापील कागद मोडून, म्हणजे घड्या घालून, फर्मे करायला ठेवली होती. दोन वर्षांत ती फर्मे एकमेकांत दोऱ्यानं शिवायला लागली. ही शिवणीची जुजबंदी बायामाणसाचं काम नाही असं म्हणणारे कारागीर तिची शिवण बघून गप झाले.

मशीनवर कापून उरलेली कातरणं ती घरी न्यायची. त्र्याण्णव साली त्यांतून पहिलं पुस्तक झालं, माराचं पंचांग. सोमवार, प्रतिपदा: वरणात मीठ कमी. मंगळवार, द्वितीया: वरणात मीठ जास्त. बुधवार, तृतीया: दारात उभी राहिली. गुरुवार: गुरुवारचा उपास, म्हणून काही नाही. शुक्रवार: कारण सांगितलं नाही. खाली शुभ मुहूर्ताच्या चौकटीत एकच ओळ, नवरा बाहेरगावी.

"बाई, तुझ्या पंचांगापायी मला घरात मीठ मागायची चोरी झाली," फकिराशेठ म्हणाला. पण त्यानंतर तो चांगल्या कागदाची कातरणं तिच्यासाठी बाजूला ठेवू लागला.

दुसरं वाढपाचं पुस्तक. पहिलं पान सासऱ्याचं, हातभर रुंद. मग नवऱ्याचं, दिरांचं, पोरांचं. पानं अशी अरुंद होत होत सुनेचं पान बोटभर, आणि त्यावर खरवडलेल्या पातेल्याची काजळी. कॉलेजात चित्रकला शिकवणाऱ्या प्रतिभाताई वार्षिक अंक बांधायला आल्या होत्या. त्यांनी ते बघितलं आणि कितीतरी वेळ मिटलं नाही. "ही कला आहे, झुंबरताई."

"कला बिला काय नाय. कातरन वाया जाऊ नये म्हनून."

तिसऱ्याला चार वर्षं लागली. बुधवारच्या बाजारात भाजीवाल्या, फुलवाल्या बायकांशेजारी बसून ती विचारायची, "तांदळात पुसायच्या आधी तुझं नाव काय व्हतं?" एकेक बाई, एकेक पान. वर माहेरचं नाव, खाली तिला सांगायचं असेल ते, शेवटी अंगठा. मायलेकी असल्या की झुंबर दोघींना एकाच कागदाच्या घडीवर घ्यायची. शिवणीच्या अलीकडं लेक, पलीकडं माय.

अशाच एका घडीवर गिरणाऱ्याची भागुबाई होती, मेथी-कोथिंबीर विकणारी. तिची लेक संध्या ओझरला दिलेली. सासरी तिची तृप्ती केली. नव्व्याण्णव साली ती जळून गेली. सैपाक करताना पदर पेटला, असं सासरच्यांनी सांगितलं. पंचनाम्यात तृप्ती, दवाखान्याच्या कागदात तृप्ती, निकालात तृप्ती. सगळे सुटले. कागदावर संध्या कधी मेलीच नव्हती. दोन वर्षांची पोर बापाकडं राहिली. संध्याचं पान मग भागुबाईनंच सांगितलं.

डिसेंबरात प्रतिभाताईंनी एका शाळेच्या हॉलमध्ये झुंबरची पुस्तकं मांडली, आणि संध्याच्या पानाचा फोटो पेपरात आला.

झुंबर खळ उतरवत होती तेव्हा भागुबाई दारात येऊन उभी राहिली. डोक्यावर पाटी नव्हती.

"आज बाजार नाय का तुला? ये, चहा घे."

"चहा नको. संध्याचं पान काढून दे मला."

झुंबरनं हात पुसले. "कुनी सांगितलं?"

"जावयानं मानूस धाडला व्हता. दुसरं लगीन केलंय त्यानं, नव्या सोयऱ्यांत इज्जत जाती म्हने. पान हातात दिलं तर अखजीच्या सणाला पोरीला धाडतो म्हनला. नायतर तिचं तोंड इसर म्हनला."

"आन तू ऐकलंस."

"चार वर्सं झाली वं. पाह्यली नाय मी तिला."

"कोर्टात काय झालं, इसरलीस? संध्याचं नाव नाय कुठं. हे एकच पान हे, जिथं ती हे."

"जगाला दावून झालं ना? बाया आल्या, रडल्या, रिक्षा करून गेल्या. माझ्या दारात कोन आलं?" भागुबाई खाली बसली. "तुझं पुस्तक लय भारी हे, झुंबरे. पन ते मला आजी म्हनत नाय."

फकिराशेठनं उठून रेडिओ बंद केला.

झुंबरनं कपाटातून पुस्तक काढलं. "एका घडीची दोन पानं असत्यात. तिचं काढलं तर तुझं बी सुटतं."

"सुटू दे."

"मग दोन्ही ने."

"त्यांना माझं कशाला? त्यांनी तिचंच मागितलंय." आणि मग हळूच, "न्यायच्या आधी एकदा वाच. मला कुठं येतं."

झुंबरनं वाचलं. तिचा आवाज साधाच होता, पावतीवरचा मजकूर वाचावा तसा.

"संध्या. मरायच्या आधी दोन दिवस घरी आली व्हती. नको जायला, म्हनली. सांजपर्यंत मेथीच्या जुड्या बांधल्या तिनं माझ्यासंगं. मी म्हनले, लोक काय म्हनतील. मीच एस.टी.त बसवून दिली. खिडकीतून हात काढला तिनं, तर मीच म्हनले, हात आत घे, लागंल."

भागुबाई मान हलवत होती, दुसऱ्याच कोणाची हकिकत बरोबर आहे असं सांगावं तशी.

झुंबरनं शिवणीचा दोरा कापला, घडी उलगडली आणि मधोमध सुरी फिरवली. भागुबाईनं लेकीचं पान पदरात गुंडाळलं आणि ती गेली. मागं उरलेलं मायचं पान झुंबरनं शेजारच्या पानाला बोटभर खळ लावून चिकटवलं. पुस्तक परत शिवलं, तरी मिटल्यावर तिथं जरा फट राहायची.

अखजीला, अक्षय्य तृतीयेला, पोर आली. झुंबरला ते कळलं महिन्याभरानं, भागुबाई पाटी घेऊन बाइंडिंगखान्यात टेकली तेव्हा. लाइट गेली होती, मशीन बंद होतं.

"आली सकाळी, चुलत्यासंगं. सांजंला नेली. लिंबाला झोका बांधला व्हता मी. चांगली चढली. म्हनले, तुझी आई बी अशीच चढायची. तर म्हनती, माझी आई घरी हे."

"लहान हे गं."

"म्हनले, ती नाय, मेलेली. तर म्हनली, ती व्हय, ती तृप्ती. भितीवर फोटू हे तिचा." भागुबाई पाटीतल्या कोथिंबिरीवर पाणी शिंपडत राहिली. "चुलता तिथंच खाटंवर बसला व्हता."

"मग?"

"मग काय. म्हनले, व्हय बाई, तृप्तीच."

गल्लीत कोणीतरी जनरेटर ओढून सुरू करायला बघत होतं. तो दोनदा गुरगुरला आणि बंद पडला.

"मला पाठ हे ते पान," झुंबर म्हणाली. "परत लिहिते. कुनाला दावायची नाय."

"नको. कागद असला की कोनी ना कोनी बघतं. पुढच्या अखजीला बी आनतो म्हनला हे." ती उठली. झुंबरनं पाटी डोक्यावर द्यायला हात लावला. "अशी हुशार हे वं. बोलती अशी, की गेलेलंच कोनी बोलतंय वाटतं."

ती वळणाआड जाईपर्यंत झुंबर दारात उभी राहिली. तेवढ्यात लाइट आली, पंखा फिरायला लागला आणि टेबलावरचे कागद उडाले.

"बाई, हजेरीपत्रकं राहिली," फकिराशेठ आतून म्हणाला. "शाळा आठ दिवसांवर आल्या."

"किती हे?"

"दोनशे."

तिनं उडालेले कागद गोळा केले, थप्पी पुढ्यात ओढली आणि फर्मे मोडायला घेतले.