हिरव्या मातीचं नाव शोधायला भोर-वेल्ह्यात

भोर संस्थान विलीन होऊन सातआठ वर्षं झाली होती, आणि आमच्या परिभाषा समितीला प्रत्येक दगडामातीला स्वतंत्र देशाला शोभेल असं नाव देण्याची घाई झाली होती. आपल्या काळ्या खडकाच्या पोकळ्यांत एक हिरवी माती सापडते. पूर्वी चितारी ती रंगाला वापरत. अध्यक्षांनी तिचं बारसं केलं 'हरिन्मृत्तिका'. मी म्हटलं, अहो, लोकांनी काही नाव ठेवलं असेलच की!

"मग आणा, हरिभाऊ," अध्यक्ष म्हणाले. "सोमवारी मजकूर छपाईला जातोय. नाही आणलंत, तर यापुढे बैठकीत तोंड उघडायचं नाही."

उभा जन्म शब्द वेचण्यात घालवलेल्या माणसाला असं बोलणं! शुक्रवारी सकाळीच निघालो.

"कुठं मिळते ती तुमची लांब नावाची माती?" दशम्या बांधता बांधता बायकोने विचारलं. सरळ नाव घ्यायला हिला काय होतं, असं मनात आलं. पण एसटी चुकली असती.

भोरला गेलात तर पेठेतल्या रंगवाल्याकडे जरूर जा, मात्र सवड काढून जा. काव, पेवडी, हिंगूळ, हरताळ, सगळ्याच्या पुड्या त्याने माझ्यापुढे सोडल्या. हिरव्याचं विचारलं तर म्हणाला, "त्यो आता मुंबईहून डब्यातनं येतो. मातीचा पायजे तर वेल्ह्याकडं जावा. धनगर मेंढरांना फासत्यात."

दुसऱ्या दिवशी नसरापूरहून विंझरपर्यंत बैलगाडी. गाडीवान आठ आणे घेतो, कंबर वेगळी. विंझरला पिठलं-भाकरी झकास मिळते, फक्त तिखट बेताचं सांगा. मी सांगितलं नाही आणि गुंजवण्यापर्यंत नाक पुसत चाललो.

गुंजवण्याच्या वरच्या अंगाला धनगरवाडा आहे. तिथे ठकूबाई नावाची म्हातारी मेंढरांच्या पाठीवर खुणेचा पट्टा ओढत होती, आणि तिच्या वाडग्यात चक्क माझी हिरवी माती! आनंदाने मी चपला काढायच्याही विसरलो.

"आजी, ह्या मातीला काय म्हणता?"

"माती."

"पण कसली?"

"पानाच्या रंगाची."

"अहो, हिला नाव असेल ना काही?"

म्हातारीने पदर पुढे ओढला. "धन्याची माती म्हना."

आत सुना फिदीफिदी हसल्या. माझ्या टोपीला हसल्या असतील असं धरून मी कार्डावर शब्द टिपला. डोंगर उतरेपर्यंत त्या 'धन्या'चा मी शिवकाळातल्या जमीनमहसुलाशी संबंधही जोडून टाकला. दोन तळटीपा तयार झाल्या.

विंझरच्या चहावाल्याला मी ते कार्ड मोठ्या ऐटीत वाचून दाखवलं. तो पोट धरून हसला.

"अवो सायेब, हिरमाती म्हंत्यात तिला! समदा मुलूख म्हंतो. म्हातारीच्या मालकाचं नाव हिराजी, ती कशी घेनार? मालक जाऊन धा वर्सं झाली, तरी हिरव्याला हिरवं म्हनत न्हाई."

तळटीपा मी तिथेच चुलीत घातल्या.

सोमवारी अध्यक्षांनी 'हिरमाती' नाकाला रुमाल लावल्यासारखं वाचलं, "ग्राम्य आहे" म्हणाले, आणि आपल्या शब्दाच्या खाली छापायला मान्यता दिली. जिंकलो! घरी येऊन जेवता जेवता बायकोला सगळी हकीगत रंगवून सांगितली.

"नवरा जाऊन दहा वर्षं झाली, आणि हिरव्याला हिरवं म्हणत नाही! आहे की नाही कमाल?"

ती हसली नाही. "लग्नाला पंधरा वर्षं झाली. ह्या डाळीला मी कधी नावानं हाक मारलेली ऐकलीत? का तुमच्या त्या मातीला?"

मला तिचे एकेक शब्द आठवायला लागले. पुरणाची डाळ, घोड्याचे दाणे, लांब नावाची माती. हरभरा तिच्या तोंडून मी कधी ऐकलाच नव्हता, हरिन्मृत्तिकाही नाही. आणि मी हरी. इतकी वर्षं मला वाटे, हिला शब्दच कमी येतात. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

जेवण झाल्यावर कोरी कार्डं घेऊन मी स्वयंपाकघरात पाटावर बसलो. म्हटलं, "सांग, आणखी काय काय?"

"लिहून घ्या हवं तर," भांडी आवरत ती म्हणाली. "पण छापायला देऊ नका."